रुळावरचा एकटा कोण?

एकाचा जीव घेऊन पाचांचे जीव वाचत असतील तर तो घ्यावा की घेऊ नये, हा प्रश्न पाश्चात्त्य नीतिवेत्त्यांनी गेली जवळजवळ साठ वर्षे घोळविला आहे. १९६७ साली फिलिपा फूट या इंग्रज विदुषीने आपल्या एका निबंधात एक दाखला दिला. ट्राम चालकाच्या ताब्यात राहिलेली नाही. पुढच्या रुळावर पाच मजूर काम करीत आहेत. बाजूच्या फाट्यावर एकच मजूर आहे. ट्राम सरळ जाऊ द्यावी किंवा फाट्यावर वळवावी, एवढेच चालकाच्या हाती आहे. त्याने काय करावे? पुढे अमेरिकेतील जुडिथ जार्विस थॉमसन यांनी चालकाच्या जागी सांध्यापाशी उभा असलेला तिऱ्हाईत आणला. आणि त्याहीपुढे जाऊन, पुलावर उभ्या असलेल्या एका धिप्पाड माणसास खाली ढकलून ट्राम अडवावी काय, असा सवाल केला. सांधा बदलावयास बहुतेक लोक होकार देतात, माणूस ढकलावयास नकार देतात. हिशेब मात्र दोन्हीकडे पाचाला एक असाच आहे. हा फरक कशामुळे पडतो यावर ग्रंथांचे ग्रंथ लिहिले गेले आहेत.

वाचकहो, हे वाङ्मय वाचीत असता एक गोष्ट आमच्या डोळ्यांत सलते. या मूळ दाखल्यात रुळावर असतो तो मजूर, आणि विचार करावयाचा अधिकार असतो तो दुसऱ्याच कोणाला. रुळावरच्या माणसास नाव नाही, गाव नाही, तोंड नाही. त्याला कोणी हाकही मारीत नाही. तो त्या फाट्यावर एकटाच का उभा आहे, त्याला तेथे कोणी पाठविले, हे विचारावयाचे नाही असा त्या कोड्याचा नियमच आहे. कोडे म्हणून हे चालेल. परंतु ज्या समाजाने शतकानुशतके त्या एकट्याच्या जागी उभे राहून दिवस काढले, त्याला हे कोडे वाटत नाही.

आमच्या वाचकांना मुक्ता साळवे हिचे नाव ठाऊक आहे. सावित्रीबाई व जोतीराव फुले यांच्या शाळेत शिकलेल्या या मांग समाजातील मुलीचा निबंध १८५५ साली 'ज्ञानोदया'त छापून आला. महार-मांगांना तेल-शेंदूर पाजून मोठमोठ्या इमारतींच्या पायांत पुरीत असत, ही हकीकत त्या कोवळ्या वयाच्या मुलीने त्यात मांडली आहे. यामागचा हिशेब काय होता? इमारत खचू नये, आत राहणारी माणसे सुखरूप राहावीत. एक जीव पायात गेला की पन्नास जीव माडीवर निर्धास्त झोपतील! पुरणारे लोक स्वतःस खुनी समजत नव्हते. ते स्वतःस हिशेबी, पापभीरू, कुटुंबवत्सल माणसे समजत होते. जुन्या नीतिग्रंथांतूनही कुळासाठी एकाचा आणि गावासाठी कुळाचा त्याग करावा असा उपदेश केलेला आढळतो. या पायऱ्यांची शेवटची पायरी मोठी मासलेवाईक आहे. तेथे माणसाने स्वतःसाठी अवघी पृथ्वी सोडावी असे सांगितले आहे. म्हणजे त्याग करण्याची पाळी शेवटी ज्याच्यावर यावयास हवी तो तेवढा अलगद सुटतो. गावासाठी ज्या कुळांचा त्याग झाला ती कुळे गावकुसाबाहेर कोणत्या आळीत राहिली, हे आम्ही आमच्या वाचकांना सांगावयास हवे असे नाही.

आज हा विषय काढण्याचे कारण मुंबईच्या उपनगरातील आरे कॉलनी हे होय. तेथे गेल्या काही वर्षांत हेच कोडे अक्षरशः रुळांच्या रूपाने मांडले गेले, आणि ते सोडविण्याची जी रीत अवलंबिली गेली ती प्रत्येक बहुजन वाचकाने समजून घ्यावी अशी आहे.

आरेची जमीन ही मुळात एका अशाच हिशेबातून सरकारजमा झालेली. मुंबई शहरातील गुरांचे तबेले शहराबाहेर हलवावेत, लोकांना स्वच्छ दूध मिळावे, रोगराई हटावी म्हणून १९४९ साली तेथे दुग्धवसाहत स्थापन झाली. ४ मार्च १९५१ रोजी पंडित नेहरूंच्या हस्ते तिचे उद्घाटन झाले. सुमारे १,२८७ हेक्टरांच्या या प्रदेशात वारली, कोकणा, मल्हार कोळी, कातकरी अशा आदिवासींचे २७ पाडे सांगितले जातात. दुधाच्या गावी ते आले नाहीत. दूध त्यांच्या गावी आले. उद्देश चांगला होता, हे आम्ही मोकळेपणाने मान्य करतो. लाखो मुलांच्या पोटात ते दूध गेले. परंतु पाड्यातील माणसाच्या हाती जमिनीचा कागद नव्हता आणि तो त्याला कोणी दिलाही नाही. मग त्याच जमिनीतून चित्रनगरी निघाली, राखीव पोलीस दल निघाले, फोर्स वनचा तळ निघाला. प्रत्येक वेळी लोकहित मोठे होते आणि पाडा लहान होता.

त्यानंतर मेट्रो आली. कफ परेड ते आरे अशी ३३.५ किलोमीटरांची, २७ स्थानकांची मेट्रो ३ ही मार्गिका, आणि तिच्या गाड्या उभ्या करण्यासाठी आरेमध्ये सुमारे ३३ हेक्टरांची कारशेड. २९ ऑगस्ट २०१९ रोजी महापालिकेच्या वृक्ष प्राधिकरणाने २,१८५ झाडे तोडण्यास व ४६१ झाडे दुसरीकडे लावण्यास मंजुरी दिली. ४ ऑक्टोबर रोजी उच्च न्यायालयाने आरे हे वन असल्याचे म्हणणे न स्वीकारता याचिका फेटाळल्या, आणि त्याच रात्री करवती चालू झाल्या. जमावबंदी पुकारली गेली, विरोध करणाऱ्यांपैकी २९ जणांना अटक झाली. ७ ऑक्टोबरला सर्वोच्च न्यायालयाने कायद्याच्या एका विद्यार्थ्याच्या पत्राची दखल घेऊन काम थांबविले, तोवर २,१४१ झाडे आडवी झाली होती. लोकांचे प्राण वाचविण्याचे पुण्यकर्म होते, तर त्यासाठी रात्रच का निवडावी लागली, हे आम्हाला अद्याप कोणी सांगितलेले नाही.

प्राण वाचविण्याचे, हा शब्द आम्ही उपहासाने वापरीत नाही. कारशेडच्या बाजूने जो युक्तिवाद केला गेला त्यातील सर्वांत वजनदार भाग हाच होता, आणि त्याची टवाळी करणारे लोक मुंबईच्या लोकलमधून गर्दीच्या वेळी प्रवास करीत नसावेत. २०२३ या एका वर्षात मुंबईच्या उपनगरी रेल्वेवर २,५९० माणसे मेली. दिवसाला सात! रूळ ओलांडताना, दारातून पडून, खांबाला आपटून. यांत आमचे किती असतील याची जातवार मोजदाद कोणी ठेवीत नाही. पण कल्याण, दिवा, विरार, नालासोपारा येथून पहाटे निघणाऱ्या गाडीत दारात कोण लोंबकळते हे आम्हास दिसते. तेव्हा मेट्रोने ही गर्दी हटेल, म्हणून झाडे जाऊ द्या, पाडा हलू द्या, असे कोणी म्हणत असेल तर त्याला माणुसकीचा शत्रू म्हणून मोकळे होणे हा विचार नव्हे. प्रकल्पाला जो उशीर झाला त्या उशिराचीही किंमत कोणीतरी मोजली असेल. एकाकडे पाहून पाचांना विसरणे हीसुद्धा निष्ठुरताच आहे.

परंतु पाच कोण, हे तरी नीट पाहावयास नको काय? जे खांबाला आपटून मरतात ते मुख्यतः दूरच्या उपनगरांतील मजूर, नोकरदार. ९ जून २०२५ रोजी दिवा-मुंब्रा दरम्यान भरधाव गाड्यांतून माणसे खाली पडली व किमान चौघांचा जीव गेला. मेट्रो ३ चा एकही डबा मुंब्र्याला जात नाही. ती कफ परेडहून वांद्रे-कुर्ला संकुल, विमानतळ, सीप्झ अशी जाते. तिचे कमाल भाडे ७० रुपये आहे. तिचा उपयोग नाही असे आम्ही म्हणत नाही. ऑक्टोबर २०२४ पासून टप्प्याटप्प्याने ती सुरू झाली आणि ऑक्टोबर २०२५ मध्ये कफ परेडपर्यंत पूर्ण झाली. लोक तिने जातात, सुखाने जातात. मात्र मरणाऱ्यांची संख्या पुढे करून एक सांधा बदलावयाचा आणि वाट मोकळी करावयाची ती दुसऱ्याच कोणासाठी, हा व्यवहार सरळ नव्हे. मुंब्र्याच्या अपघातानंतर रेल्वेने आपोआप दारे मिटणाऱ्या गाड्यांची घोषणा केली. दारे मिटणारी गाडी हा काही ऑक्टोबर २०१९ नंतरचा शोध नाही. ट्रामचा ब्रेक कोणी नादुरुस्त ठेवला हा प्रश्न कोड्यात बसत नाही, म्हणून तो जगण्यातही विचारू नये काय?

दुसरी गोष्ट त्याहून महत्त्वाची आहे. कोड्यात दोनच रूळ असतात. आरेच्या प्रकरणात तसे नव्हते. २०१५ साली नेमलेल्या तज्ज्ञांच्या समितीपुढे कांजूरमार्गच्या जागेचा विचार झाला होता आणि समितीतील दोन तज्ज्ञांनी आपले भिन्न मत लेखी नोंदविले होते. २०२० च्या ऑक्टोबरात राज्य सरकारने कारशेड कांजूरमार्गला नेण्याचे ठरविले. तर जागा आपली असे म्हणत केंद्र सरकार उभे राहिले आणि डिसेंबरात उच्च न्यायालयाने काम थांबविले. २०२२ साली राज्यात सरकार बदलले आणि कारशेड पुन्हा आरेत आली. त्यानंतर २०२३ मध्ये त्याच कांजूरमार्गातील जागा मेट्रो ६ च्या कारशेडसाठी देण्यात आली! तेथे जागा मिळविण्यास वेळ लागला असता, खर्च वाढला असता, हे अधिकाऱ्यांचे म्हणणे आम्ही खोटे ठरवीत नाही. पण मग तसे बोलावे. 'झाडे आणि पाडे की माणसांचे प्राण' असे न म्हणता 'झाडे आणि पाडे की आमचा वेळ, आमचा पैसा आणि आमच्या दोन सरकारांमधील भांडण' असे म्हणावे. जेथे तिसरा रूळ आहे तेथे दोनच रूळ दाखविणारा माणूस नीतिशास्त्राचा प्रश्न सोडवीत नसतो. तो आपली सोय नीतीच्या भाषेत सांगत असतो.

येथे कोणी म्हणेल की प्रजापूरपाड्यात कोणाचा जीव घेतला? घरे गेली, त्यांबदली झोपडपट्टी पुनर्वसनाच्या इमारतीत खोल्या मिळाल्या. यात बळी कसला? जीव आणि जिणे यांतील फरक आम्हास कळतो. झाड म्हणजे माणूस नव्हे, हेही कळते. परंतु पावसाळ्यात भात, पुढे भाजी, परसात कोंबड्या, रानातून सरपण, पाड्याच्या वेशीवर वाघोबा असे ज्याचे जिणे, त्याला जमिनीपासून उचलून माळ्यावरच्या खोलीत ठेवले म्हणजे त्याला सर्व काही दिले असे म्हणणारे लोक स्वतःच्या बंगल्याचे कुंपण एक फूट मागे घेण्याची पाळी आली की कोर्टात जातात. शिवाय हा एकाचा हिशेब एकावर थांबत नाही. २,१४१ झाडे गेल्यावर सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर २०२२ मध्ये आणखी ८४ झाडांसाठी अर्ज करण्याची मुभा दिली. मग अर्ज निघाला तो १७७ झाडांचा. एप्रिल २०२३ मध्ये न्यायालयाने मेट्रो महामंडळास यासाठी १० लाख रुपये भरावयास लाविले, आणि तोडीस परवानगीही दिली. दंड आणि परवानगी एकाच आदेशात! ज्याला एकदा रुळावर उभे केले त्याला पुन्हा उभे करणे सोपे जाते, एवढाच याचा अर्थ.

कायद्याची गंमतही वाचकांनी ध्यानात घ्यावी. २००६ च्या वनहक्क कायद्याने आदिवासींस हक्क दिले, ग्रामसभेस अधिकार दिला. मात्र त्यासाठी जमीन 'वन' असली पाहिजे. आरे वन नाही असे ठरले की त्याबरोबर पाड्यातील माणसाचे तोंडही बंद होते; झाडांपेक्षा मोठे असे काही त्या एका शब्दाने तोडले जाते. पुढे २०२० साली आरेतील ८१२ एकर जमीन राखीव वन करण्याचे पाऊल सरकारने टाकले. आदल्या वर्षी जे वन म्हणून कोणाला दिसत नव्हते त्याच्या अंगाशी लागून एवढे मोठे वन एका वर्षात उगवले, याचे आश्चर्य वनस्पतिशास्त्रज्ञांनी करावे.

आता मूळ प्रश्नाकडे येऊ. एकासाठी पाच मरू द्यावेत काय? आमचे उत्तर असे की, संख्या ही नीतीची शत्रू नाही. पूर आला असता एकच होडी असेल तर जेथे अधिक माणसे अडकली आहेत तेथे ती आधी न्यावी. यात कोणावर अन्याय होत नाही. पण पुरात न सापडलेल्या माणसास होडीखालचे लाकूड म्हणून वापरणे ही निराळी गोष्ट झाली. पहिल्यात तो वाचू शकला नाही, दुसऱ्यात तो वापरला गेला. परमपूज्य बाबासाहेबांनी १९४७ साली 'राज्ये आणि अल्पसंख्याक' या निवेदनात लोकशाहीच्या आधारांमध्ये पहिले स्थान व्यक्तीला दिले, तिला दुसऱ्याच्या कामाचे साधन मानले नाही, त्याचे मर्म हेच आहे.

बौद्ध वाङ्मयात या प्रश्नाचा एक दाखला आहे, तो टाळून चालणार नाही. महायानाच्या उपायकौशल्य सूत्रात एका जहाजाच्या नायकाची कथा आहे. पाचशे व्यापारी जहाजावर, आणि त्या सर्वांना ठार मारू पाहणारा एक लुटारू. नायक लुटारूला मारतो. या कथेचा आधार घेऊन कोणी म्हणेल की पाहा, बुद्धाच्या धम्मातही एकाचा बळी चालतो! तसे नाही. तेथे मारला जातो तो स्वतःच संकट आहे. बाजूच्या फाट्यावर भाकरी खात बसलेला मजूर नव्हे. आणि नायक काय म्हणतो? या कृत्याचे जे फळ असेल ते, नरक भोगावा लागला तरी, मी भोगीन. नरकाची भाषा आमच्या पिढीस मान्य नसेल. पण निर्णय घेणाऱ्याने फळ स्वतःकडे घेणे ही जी अट आहे, ती आजच्या कोणत्या प्राधिकरणाने पाळली? 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' या ग्रंथात बाबासाहेबांनी सिद्धार्थाच्या गृहत्यागाची जी हकीकत दिली आहे ती याहून आम्हास जवळची वाटते. रोहिणी नदीच्या पाण्यावरून शाक्य आणि कोलीय यांच्यात तंटा. शाक्य संघ बहुमताने युद्धाचा ठराव करतो. सिद्धार्थ म्हणतो, दोघांनी दोन-दोन माणसे निवडावीत, त्यांनी पाचवा निवडावा आणि तंटा मिटवावा. हाच तो तिसरा रूळ! बहुमत तो नाकारते. विरोधाची शिक्षा आपल्या आईबापांवर आणि पत्नीवर येऊ नये म्हणून सिद्धार्थ स्वतः देश सोडतो. इतरांसाठी एकाने झळ सोसली हे येथेही घडले. परंतु तो एक स्वतः पुढे आला, त्याला कोणी चिठ्ठी टाकून निवडले नव्हते.

आणि ज्याच्यावर सांधा बदलण्याची पाळी लादली जाते त्याची स्थिती काय होते, हे जाणण्यास आम्हास परदेशी ग्रंथ नकोत. १९३२ च्या ऑगस्टमध्ये जातीय निवाड्याने अस्पृश्यांना स्वतंत्र मतदारसंघ दिले. २० सप्टेंबरला गांधींनी येरवड्यात प्राणांतिक उपोषण आरंभिले. एका बाजूस एक प्राण, दुसऱ्या बाजूस कोट्यवधींचे हक्क. आणि त्या एका प्राणाला काही झाले तर खेड्यापाड्यांतील निराधार अस्पृश्यांवर काय गुदरेल ही धास्ती. २४ सप्टेंबरला पुणे करार झाला. राखीव जागा ७१ च्या १४८ झाल्या, स्वतंत्र मतदारसंघ गेले. फिलिपा फूट यांच्या त्याच निबंधात आणखी एक दाखला आहे: खवळलेला जमाव, आणि एका निरपराध्यास शिक्षा देऊन जमावाला शांत करावे काय या विवंचनेतील न्यायाधीश. तेथे संकट ट्रामने आणलेले नसते. माणसांनी आणलेले असते. १९३२ साली संकट कोणी आणले होते? तरीही इतिहास लिहिणारे निर्णयाचा जाब विचारतात तो बाबासाहेबांना, जमावाला नव्हे.

शहराच्या पोटात हा हिशेब आजही रोज चालतो. गटारात उतरणारा सफाई कामगार एकटाच उतरतो, वर हजारो घरे निरोगी राहतात. २०१३ च्या कायद्याने हे बंद व्हावयास हवे होते. २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने मृताच्या वारसास १० लाख ठरविले, २०२३ मध्ये ते ३० लाख केले. रक्कम वाढली हे योग्यच झाले. यंत्र मात्र अजून प्रत्येक गटारापर्यंत पोहोचलेले नाही.

वाचकहो, आरे स्थानकाजवळच सारिपुत नगर नावाची वस्ती आहे. बुद्धाच्या अग्रश्रावकाचे नाव तिने धारण केले आहे. पाड्यांतील आदिवासी आणि वस्त्यांतील आमचे बांधव एकाच रस्त्याने पाणी भरतात, पण सुनावणीच्या वेळी वेगवेगळे जातात, किंवा जातच नाहीत. गोरेगाव-मुलुंड जोडरस्त्याच्या बोगद्याचे तोंड चित्रनगरीच्या बाजूस निघत आहे, तेथेही झाडांचा आणि पाड्यांचा प्रश्न उभा राहिला आहे. हरकतींची सूचना वर्तमानपत्राच्या कोपऱ्यात बारीक टाइपात येते आणि मुदत थोडी असते. त्या परिसरातील आमच्या शाखांनी सूचना पाहताच ती पाड्यावर नेऊन वाचून दाखवावी, हरकत लेखी द्यावी, पोच घ्यावी. आणि दुसरा मार्ग तपासला होता काय, तो कोणत्या कारणाने नाकारला, तो कागद मागावा. माहितीचा अधिकार त्यासाठी आहे. कागद मिळाल्यास त्याची नक्कल आमच्याकडे पाठवावी. आम्ही ती छापू.